दारापासून खुर्चीपर्यंत : त्बिलिसीतल्या तीन दिवसांचे प्रकरण

8 नोव्हेंबर 2019, शुक्रवारची संध्याकाळ. जॉर्जियाची राजधानी त्बिलिसी. अमिरानी चित्रपटगृहासमोर दंगलविरोधी पथकाचे पोलीस रांगेने उभे होते. त्यांच्या पलीकडे शेकडोंचा जमाव होता. कुणाच्या हातात क्रूस, कुणाच्या हातात संतांच्या प्रतिमा. काही जण प्रार्थना म्हणत होते, तर काही जण आत जाणाऱ्यांना शिव्या घालत होते. इंद्रधनुषी झेंडा जाळण्यात आला. काही जणांनी पोलिसांची रांग फोडून आत घुसण्याचा प्रयत्न केला. नागरी हक्कांसाठी काम करणारी एक तरुणी चित्रपट पाहायला आली होती. फेकलेली वस्तू तिच्या डोक्याला लागली आणि तिला रुग्णालयात न्यावे लागले. ज्यांच्याकडे तिकीट होते ते या सगळ्यातून, पोलिसांनी मोकळ्या ठेवलेल्या वाटेने, चित्रपटगृहात शिरत होते.

आत लागलेला चित्रपट होता लेवान अकीन यांचा. त्याचे जॉर्जियन नाव ‘दा च्वेन वित्सेक्वेत’, म्हणजे ‘आणि आम्ही नाचलो’. इंग्रजी नावात त्याला ‘मग’ जोडलेला आहे : आणि मग आम्ही नाचलो. दोन तरुण नर्तक, पारंपरिक जॉर्जियन नृत्याचा वर्ग, आणि त्या दोघांत फुलणारे प्रेम. गोष्ट एवढीच.

वादग्रस्त परदेशी चित्रपट एखाद्या छोट्या भाषेच्या प्रेक्षकांपर्यंत कसा पोहोचतो, याचा अभ्यास करायला मी हेच प्रकरण निवडले, कारण त्यात नेहमीचा सगळ्यात मोठा अडथळा मुळातच नव्हता. भाषांतर करायचे नव्हते, उपशीर्षके लिहायची नव्हती, डबिंग करायचे नव्हते. चित्रपट जॉर्जियन भाषेतच होता. तरीही तो पोहोचता पोहोचता अडकला, आणि कुठे अडकला ते अगदी स्पष्ट दिसते.

परदेशी म्हणजे कुठला?

अकीन यांचा जन्म स्वीडनमध्ये, 1979 चा. कुटुंब जॉर्जियन वंशाचे. चित्रपटाला पैसा प्रामुख्याने स्वीडनचा, मुख्य निर्मिती स्वीडिश, जॉर्जियातली एक संस्था सहनिर्माती. ऑस्करच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट विभागासाठी त्या वर्षी स्वीडनने आपली अधिकृत प्रवेशिका म्हणून हाच चित्रपट पाठवला. म्हणजे स्टॉकहोमच्या प्रेक्षकाला खाली स्वीडिश अक्षरे वाचत बघावा लागणारा चित्रपट स्वीडनचा ठरला. ज्याला तो कानांनी थेट कळतो त्या त्बिलिसीच्या प्रेक्षकासाठी तो कागदोपत्री परदेशी. जॉर्जियाने त्याच वर्षी 2008 च्या रशियाबरोबरच्या युद्धावरचा ‘शिंदिसी’ पाठवला होता. एकाच भाषेतले दोन चित्रपट दोन देशांच्या नावावर गेले. त्यातला कोणता ‘आपला’ हे ठरवायला भाषा पुरेशी पडली नाही.

या परकेपणाचे दोन परिणाम झाले आणि ते एकमेकांच्या उलट दिशेचे होते. स्वीडनच्या पैशामुळेच हा चित्रपट बनू शकला. पण तोच पैसा विरोधकांना आयता मुद्दा देऊन गेला : हे आपल्याकडचे नाही, बाहेरच्यांनी आपल्यावर लादलेले आहे.

तो मुद्दा लोकांना का पटत होता, हे समजून घ्यायला थोडे मागे जावे लागते. समलिंगी संबंध जॉर्जियात 2000 पासून गुन्हा नाहीत. 2014 मध्ये देशाने भेदभावविरोधी कायदा केला. युरोपीय संघात व्हिसाशिवाय जाता यावे यासाठीच्या वाटाघाटींत हा कायदा एक अट होता आणि ती सवलत 2017 मध्ये मिळाली. त्यामुळे ‘युरोप हवा असेल तर हेही घ्यावे लागेल’ अशी मांडणी करणे सोपे गेले. चर्चचे स्थान तिथे फार वरचे आहे. सोव्हिएत काळात दडपली गेलेली ऑर्थोडॉक्स श्रद्धा स्वातंत्र्यानंतर राष्ट्रीय ओळखीचाच भाग बनली. 17 मे 2013 रोजी होमोफोबियाविरोधी दिनानिमित्त मूठभर लोक त्बिलिसीत जमले, तेव्हा हजारोंचा जमाव त्यांच्यावर चालून गेला. त्या जमावात धर्मगुरूही होते. जमलेल्यांना पोलिसांनी बसमध्ये कोंबून बाहेर काढले, आणि जमावाने त्या बसवरही दगड टाकले. पुढच्याच वर्षापासून चर्चने 17 मे हा कुटुंबाच्या पावित्र्याचा दिवस म्हणून पाळायला सुरुवात केली.

अकीन यांनी अनेकदा सांगितले आहे की 2013 ची ती दृश्ये पाहूनच त्यांना या चित्रपटाची ओढ लागली. मला हा धागा फार महत्त्वाचा वाटतो. रस्त्यावरच्या जमावातून चित्रपट जन्मला, आणि सहा वर्षांनी पुन्हा तशाच जमावासमोर येऊन उभा राहिला.

नृत्याला हात लावला म्हणून

विषय समलिंगी प्रेमाचा होता, पण फक्त तेवढाच असता तर भडका इतका उडाला नसता असे मला वाटते. दुखरी जागा होती नृत्य.

जॉर्जियन नृत्य ही त्या देशाची जगासमोरची ओळख आहे. 1945 मध्ये इलिको सुखिश्विली आणि निनो रामिश्विली या जोडप्याने राष्ट्रीय नृत्यसंच उभा केला आणि गावोगावची नृत्ये मोठ्या रंगमंचावर आणली. पुरुष चोखा घालतात, म्हणजे छातीवर काडतुसांच्या खोबण्या शिवलेला लांब अंगरखा. कमरेला खंजीर असतो. मऊ चामड्याच्या बुटांत पायाची बोटे दुमडून, त्यांच्या सांध्यांवर उभे राहून ते नाचतात. गुडघ्यांवर आदळतात, हवेत उसळतात. बायका मात्र लांब झग्याखाली पाऊल दिसू न देता अशा सरकतात की चाके लावली आहेत असे वाटावे. ‘खोरुमी’ हे युद्धनृत्य, ‘कार्तुली’ हे स्त्री-पुरुषांच्या प्रणयाचे, आणि त्यातही पुरुषाने स्त्रीला स्पर्श करायचा नाही. पुरुष कसा असावा आणि बाई कशी असावी, याचा सगळा पाठ त्या पावलांत बसवलेला आहे. शहरात, खेड्यात लहान मुले नृत्यवर्गाला जातात ती हाच पाठ घ्यायला.

चित्रपटातला नायक मेराब नेमका या पाठात नापास होतो. त्याचा गुरू त्याला बजावत राहतो की हे नृत्य पौरुषावर उभे आहे, इथे मऊपणाला जागा नाही. चित्रपटात ‘किंतौरी’ या जुन्या त्बिलिसीच्या नृत्याचा उल्लेख येतो. किंतो म्हणजे बाजारातले फिरते विक्रेते, त्यांच्या हालचालींवरून बेतलेले हे नृत्य. एकेकाळी त्यात लवचीकपणा होता, पुढे तो ठरवून काढून टाकण्यात आला, असे चित्रपट सांगतो. माझ्या मते चित्रपटातले सर्वांत धारदार विधान हेच आहे. परंपरा म्हणून आज जे राखले जाते आहे, तेही कुणीतरी कधीतरी कापून-छाटून तयार केलेले आहे, हे ऐकायला परंपरेचे राखणदार तयार नसतात. शेवटच्या प्रसंगात मेराब परीक्षकांसमोर स्वतःच्या अंगाने नाचतो, आणि तिथे बोलण्यासारखे काही उरत नाही.

आपल्याकडे तमाशा, लावणी, अगदी पोवाड्याबद्दलही ‘मूळ’ आणि ‘शुद्ध’ यावरून किती भांडणे झाली आहेत हे आठवले की त्बिलिसीच्या जमावाचा संताप मला परका वाटत नाही. पटत नाही, पण ओळखीचा वाटतो.

लपवून केलेले चित्रीकरण

चित्रपट पोहोचण्याची अडचण तो बनण्याच्या आधीच सुरू झाली होती. अकीन यांनी मुलाखतींत सांगितले आहे की संशोधनासाठी त्यांनी देशातल्या एका मोठ्या नृत्यसंस्थेकडे मदत मागितली, तेव्हा जॉर्जियन नृत्यात समलैंगिकता अस्तित्वातच नाही असे उत्तर मिळाले. इतर संचांनाही मदत न करण्याबद्दल सांगण्यात आले. चित्रीकरणाची जागा ऐनवेळी, आदल्या दिवशी हातातून जायची. धमक्या आल्या, अंगरक्षक ठेवावे लागले. कुणी विचारलेच तर सांगायला एक वेगळी गोष्ट तयार ठेवली होती : जॉर्जियन संस्कृतीच्या प्रेमात पडलेल्या एका फ्रेंच प्रवाशाबद्दलचा हा चित्रपट आहे.

मुख्य भूमिकेसाठी लेवान गेलबाखियानी हा तरुण समकालीन नर्तक इन्स्टाग्रामवरून सापडला. त्याने अनेकदा नकार दिला आणि मग होकार. त्या वयाच्या मुलाला हा निर्णय घेताना काय काय डोळ्यांसमोर आले असेल याचा मी पुष्कळदा विचार करतो. दिग्दर्शक स्टॉकहोमला परत जाणार होता. नटाला त्याच गल्लीत राहायचे होते.

मे 2019 मध्ये कान महोत्सवाच्या दिग्दर्शक पंधरवडा विभागात चित्रपट पहिल्यांदा दाखवला गेला आणि प्रेक्षकांनी उभे राहून बराच वेळ टाळ्या वाजवल्या. ऑगस्टमध्ये सारायेव्हो महोत्सवात गेलबाखियानीला सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. सप्टेंबरमध्ये स्वीडनमध्ये प्रदर्शन झाले. युरोप फिरून, कौतुक घेऊन, चित्रपट सगळ्यात शेवटी ज्यांच्या भाषेत होता त्यांच्याकडे निघाला.

भाषेचा दरवाजा आणि त्याआधीचे दरवाजे

इथे जरा थांबून जॉर्जियात परदेशी चित्रपट एरवी कसे पोहोचत आले ते सांगतो, कारण त्याशिवाय या प्रकरणाचे वेगळेपण कळणार नाही.

देशाची लोकसंख्या सुमारे 37 लाख. पुणे शहरात मावेल एवढी. एवढ्या प्रेक्षकासाठी पूर्ण डबिंग करणे वितरकाला परवडणे कठीणच. सोव्हिएत काळात हा प्रश्न मॉस्कोने सोडवून टाकला होता : कोणता परदेशी चित्रपट आणायचा, त्यातले काय कापायचे हे तिकडे ठरे आणि तो रशियन आवाजात साऱ्या संघराज्यात फिरे. 1954 मध्ये राज कपूरचा ‘आवारा’ सोव्हिएत प्रेक्षकांना असाच रशियन बोलताना भेटला. 1991 मध्ये देश स्वतंत्र झाला तरी सवय लगेच सुटली नाही. हॉलिवूडचे चित्रपट पुढची कित्येक वर्षे रशियन डबिंगमध्येच लागत. 2011 पासून कायद्याने ते बदलले. परदेशी चित्रपट दाखवायचा तर जॉर्जियन आवाजात किंवा जॉर्जियन उपशीर्षकांसह, असा नियम आला. मला हा निर्णय फार मोलाचा वाटतो. मधल्या एका मोठ्या भाषेच्या खांद्यावर बसून जग पाहावे लागणे म्हणजे काय, हे इंग्रजी उपशीर्षकांवर जगातला सिनेमा पाहत आलेल्या मराठी माणसाला वेगळे सांगायला नको.

परवानगीचा दरवाजा मात्र तिथे आपल्यासारखा नाही. प्रत्येक चित्रपट आधी तपासून प्रमाणपत्र देणारे, काटछाट सुचवणारे सेन्सॉर बोर्ड तिथे चित्रपटाच्या वाटेत बसलेले नाही. सोव्हिएत काळात राज्यसत्ताच दार होती. त्या काळातलीही एक विलक्षण कथा आहे. तेंगिझ अबुलाद्झे यांनी स्तालिनशाहीवरचा ‘मोनानिएबा’, म्हणजे ‘पश्चात्ताप’, हा चित्रपट 1984 मध्ये पूर्ण केला. तेव्हा जॉर्जियाचे पक्षप्रमुख असलेल्या एदुआर्द शेवर्दनाद्झे यांच्या पाठबळावर तो जॉर्जियन दूरचित्रवाणीसाठी म्हणून बनवला गेला, कारण स्थानिक भाषेतल्या त्या प्रसारणावर मॉस्कोची नजर तितकी कडक नव्हती. तरीही तो कपाटात गेला, आणि गोर्बाचेव्ह काळात 1987 मध्ये साऱ्या सोव्हिएत संघात पोहोचला. त्याच वर्षी कान महोत्सवात त्याला परीक्षकांचे विशेष पारितोषिक मिळाले. छोट्या भाषेचा आडोसा घेऊन मोठ्या सत्तेच्या हाताखालून निसटता येते, हे जॉर्जियन दिग्दर्शकांना ठाऊक होते.

2019 मध्ये तो आडोसाच उपयोगाचा राहिला नाही. चित्रपट जॉर्जियनमध्ये होता म्हणूनच तो जास्त टोचला. हाच विषय फ्रेंच किंवा अमेरिकी चित्रपटात, खाली उपशीर्षकांसह आला असता, तर ‘त्यांच्याकडे असेल तसे’ म्हणून सोडून देता आले असते. इथे चोखा घातलेला मुलगा आईच्या भाषेत बोलत होता.

तीन दिवस

प्रदर्शन ठरले 8 ते 10 नोव्हेंबर, फक्त तीन दिवस, त्बिलिसी आणि बातुमी या दोन शहरांतल्या मोजक्या चित्रपटगृहांत. तिकिटांची विक्री आधी सुरू झाली आणि हजारो तिकिटे काही मिनिटांत संपली.

विरोधकांनी काय करणार ते लपवले नव्हते. ‘जॉर्जियन मार्च’ या अतिउजव्या संघटनेचे सांद्रो ब्रेगाद्झे, जे पूर्वी उपमंत्रिपदावर राहिले होते, त्यांनी चित्रपटगृहाबाहेर प्रेक्षकांसाठी ‘लाजेची वाट’ उभी करण्याची भाषा केली, म्हणजे आत जाणाऱ्या प्रत्येकाला दोन्ही बाजूंनी लाज काढणाऱ्या लोकांमधून जावे लागेल. उद्योगपती लेवान वासाद्झे म्हणाले की आमची माणसे चित्रपटगृहांत शिरतील आणि चित्रपट बंद पाडतील. चर्चने पत्रक काढून चित्रपटाचा निषेध केला, ख्रिस्ती मूल्यांवरचा हल्ला म्हटले, आणि त्याचबरोबर हिंसेशी आपला संबंध नाही असेही सांगितले. गृहखात्याने सुव्यवस्था आणि अभिव्यक्तिस्वातंत्र्य दोन्ही राखू असे जाहीर केले.

अकीन यांनी त्या दिवशी लिहिले की, तिकीट काढलेल्या माणसाला नुसता एक चित्रपट पाहायला जायचे तर शूर व्हावे लागते, मार खाण्याचा धोका पत्करावा लागतो, हे हास्यास्पद आहे. हा चित्रपट म्हणजे जॉर्जियाला आणि माझ्या वारशाला लिहिलेले प्रेमपत्र आहे, असेही त्यांनी म्हटले होते.

संध्याकाळी काय झाले ते सुरुवातीला सांगितले. पोलिसांनी अनेकांना ताब्यात घेतले. खेळ रद्द झाला नाही. दुसऱ्या आणि तिसऱ्या दिवशीही चित्रपट बंदोबस्तात दाखवला गेला. रविवार उलटला आणि तो जॉर्जियातल्या पडद्यावरून उतरला.

आता यातले एकेक निर्णय तपासून पाहू. मी स्वतः काही वर्षे चित्रपट मंडळाचे काम केले आहे, खुर्च्या लावण्यापासून पोलीस ठाण्यात अर्ज देण्यापर्यंत. त्यामुळे अशा ठिकाणी काय ठरवावे लागते याची थोडी कल्पना आहे. त्बिलिसीतल्या आयोजकांच्या मनात काय होते हे सांगण्याचा दावा मी करत नाही. त्यांच्या निर्णयांचे माझ्या नजरेला जे दिसते ते मांडतो.

तीन दिवसांचीच मुदत ठेवणे ही माघार होती असे काहींना वाटेल. मला त्यात शहाणपण दिसते. जमाव रोज तापता ठेवणे अवघड असते, पण दोन-तीन आठवडे मिळाले तर तो संघटित होतो, पाळ्या लावतो, चित्रपटगृहाच्या मालकाच्या घरापर्यंत जातो. पोलिसांचा मोठा बंदोबस्तही तीन दिवस मागता येतो, महिनाभर मागता येत नाही. मुदत आधी जाहीर केल्याने आणखी एक गोष्ट साधली : दोन्ही बाजूंना ठाऊक होते की हे रविवारी संपणार आहे. चित्रपट ‘उतरवला’ असा विजय कुणाला मिरवता आला नाही, कारण उतरण्याची तारीख आधीच ठरलेली होती.

आगाऊ विक्री हा माझ्या मते सगळ्यात कळीचा भाग. तिकीट खिडकीवर रांग लागली असती तर मारहाण तिथेच झाली असती. शिवाय काही मिनिटांत संपलेली तिकिटे हा प्रेक्षकांचा सगळ्यांना दिसलेला कौल होता. ‘हे कुणालाच नको आहे’ असे म्हणणाऱ्यांना रस्त्यावर उतरण्यापूर्वीच उत्तर मिळालेले होते.

महोत्सवात न दाखवता नेहमीच्या चित्रपटगृहात दाखवणे हेही तितकेच मोलाचे. महोत्सवाचा प्रेक्षक ठरलेला असतो. पास गळ्यात अडकवलेली तीनशे माणसे, त्यांतली निम्मी एकमेकांना ओळखणारी. तिथे दाखवून ‘देशात प्रदर्शन झाले’ असे म्हणता आले असते आणि कुणाला फारसा त्रासही झाला नसता. पण अमिरानीसारख्या ठिकाणी शुक्रवारी संध्याकाळी पोरे मैत्रिणींना घेऊन जातात, मॉलमधल्या पडद्यांवर कुटुंबे जातात. ‘हा चित्रपट तुमच्या बाकीच्या चित्रपटांसारखाच आहे, तिकीट काढा आणि बघा’ एवढे म्हणण्यासाठी तिथे जाणे भाग होते. ज्यांनी ते चित्रपटगृह उघडे ठेवले त्यांचे नाव या प्रकरणात कुठे मोठे होत नाही. व्हायला हवे होते.

पोलिसांबद्दल दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. त्यांनी खेळ होऊ दिला, जे 2013 च्या तुलनेत फार मोठे होते. आणि आत जाणाऱ्या तरुणीच्या डोक्यावर वस्तू आदळेल इतक्या जवळ जमावाला उभेही राहू दिले. अडथळे शंभर मीटर मागे सरकवले असते तर काय बिघडले असते, हा प्रश्न राहतोच.

जे झाले नाही तेही नोंदवायला हवे. प्रदर्शन राजधानी आणि बातुमीपुरते राहिले. कुताइसी, तेलावी, झुगदिदी यांसारख्या गावांतल्या मुलांपर्यंत, जी मुले आठवड्यातून तीनदा नृत्यवर्गाला जातात आणि ज्यांच्यातला कुणी मेराब असू शकतो, त्यांच्यापर्यंत मोठ्या पडद्यावर तो गेला नाही. त्यांच्यासाठी उरला मोबाईलचा पडदा. विनापरवाना प्रतींचा रस्ता त्या भागात जुना आणि रुळलेला आहे, आणि जॉर्जियन भाषेतल्या चित्रपटाला त्या रस्त्यावर भाषांतराचाही खोळंबा नव्हता. दिग्दर्शकाला यातून पैसा मिळत नाही, आणि मी त्याचे समर्थन करणार नाही. पण खोलीचे दार लावून, आवाज कमी करून, एकट्याने पाहणारा प्रेक्षक हाही प्रेक्षकच. त्याची मोजदाद कुठल्याच तक्त्यात येत नाही.

इथे मुंबईची आठवण टाळता येत नाही. 2 डिसेंबर 1998 रोजी ‘फायर’ चालू असलेल्या चित्रपटगृहांवर शिवसैनिकांनी हल्ले केले. दिग्दर्शिका दीपा मेहता कॅनडात राहणाऱ्या, चित्रपट परदेशी पैशाचा, विषय दोन स्त्रियांमधल्या प्रेमाचा, आणि आरोप तोच, ‘हे आपल्या संस्कृतीत नाही’. चित्रपट परत सेन्सॉर बोर्डाकडे पाठवला गेला आणि फेब्रुवारी 1999 मध्ये पुन्हा काटछाटीविना मंजूर झाला. म्हणजे आपल्याकडे रस्त्यावरच्या दबावानंतर निर्णय पुन्हा एका कार्यालयात गेला आणि त्या कार्यालयाने, श्रेय द्यायला हवे, तो बदलला नाही. त्बिलिसीत असे कार्यालयच नव्हते. तिथे चित्रपट आणि जमाव यांच्यामध्ये फक्त पोलिसांची रांग होती.

त्यानंतर

जानेवारी 2020 मध्ये स्वीडनच्या गुल्दबागे पुरस्कारांत या चित्रपटाला चार पारितोषिके मिळाली : सर्वोत्कृष्ट चित्रपट, अभिनेता, पटकथा आणि छायाचित्रण. ऑस्करच्या अंतिम यादीपर्यंत तो गेला नाही. गेलबाखियानीची त्या वर्षीच्या युरोपीय उगवत्या कलाकारांत निवड झाली.

जॉर्जियातली हवा मात्र उलट्या दिशेने वाहू लागली. 5 जुलै 2021 रोजी त्बिलिसीत समलिंगी आणि ट्रान्स लोकांच्या हक्कांसाठीच्या प्राइड मोर्चाच्या दिवशी जमावाने आयोजकांच्या कार्यालयावर हल्ला केला आणि पन्नासहून अधिक पत्रकारांना मारहाण केली. त्यात जबर जखमी झालेला छायाचित्रकार लेक्सो लाश्कारावा काही दिवसांनी घरी मृतावस्थेत सापडला. 2023 मध्ये खासगी जागेत ठरलेला प्राइड महोत्सवही जमाव घुसल्याने रद्द करावा लागला.

आणि मग रस्त्यावरची मागणी कायद्याच्या भाषेत आली. 17 सप्टेंबर 2024 रोजी जॉर्जियन संसदेने ‘कौटुंबिक मूल्ये आणि अल्पवयीनांचे संरक्षण’ या नावाचा कायदा मंजूर केला. राष्ट्राध्यक्षा सालोमे झुराबिश्विली यांनी सही करायला नकार दिला, तेव्हा 3 ऑक्टोबरला संसदेचे अध्यक्ष शाल्वा पापुआश्विली यांनी सही केली. 2 डिसेंबर 2024 पासून तो लागू आहे. समलिंगी नात्यांचा ‘प्रसार’ करणाऱ्या सभा, शिक्षण आणि प्रसारण यांवर त्याने बंधने आणली. ‘प्रसार’ म्हणजे नेमके काय, हे ठरवण्याचा अधिकार सरकारी यंत्रणेच्या हाती गेला. कायदा मंजूर झाल्याच्या दुसऱ्या दिवशी, 18 सप्टेंबरला, देशातली सर्वांना परिचित ट्रान्स मॉडेल केसारिया आब्रामिद्झे हिचा तिच्या घरात खून झाला.

2019 मध्ये चित्रपटगृहाच्या मालकाला फक्त एवढेच विचारायचे होते की पोलीस येतील का. आता त्याच मालकाला आधी वकिलाला विचारावे लागेल. आणि पूर्वी ज्या पोलिसांनी वाट मोकळी ठेवली, तेच उद्या खेळ बंद करायला येऊ शकतात. चित्रपटाला जमावापासून वाचवता येते, हे त्या तीन दिवसांनी दाखवले होते. म्हणूनच, मला वाटते, दार बंद करण्याचे काम पुढे जमावाकडून कायद्याकडे गेले. जमाव थकतो, घरी जातो. कायदा रोज सकाळी तिथेच असतो.

अकीन थांबलेले नाहीत. त्यांचा पुढचा चित्रपट 2024 मध्ये बर्लिन महोत्सवात दाखवला गेला. त्यात बातुमीतली एक निवृत्त शिक्षिका आपल्या ट्रान्स भाचीच्या शोधात सीमा ओलांडून इस्तंबूलला जाते. जॉर्जियन आणि तुर्की, दोन्ही भाषा त्यात आहेत. पुन्हा स्वीडनचा पैसा, पुन्हा आईची भाषा.

2019 च्या चित्रपटाची श्रेयनामावली शेवटपर्यंत पाहिली तर नट, छायाचित्रकार, संगीतकार सगळ्यांची नावे सरकत जातात. ज्या माणसाने मेराबची शेवटची पावले बसवली, ज्यासाठी हा सगळा चित्रपट उभा आहे, त्या नृत्यदिग्दर्शकाच्या जागी मात्र नाव नाही. तिथे ‘अनामिक’ एवढेच लिहिलेले आहे.